अपील कोणत्या साली बोर्डावर आले?

अपिलात साक्षीदार नसतो. शपथ, उलटतपासणी, कागद शाबीत करणे हे सगळे खालच्या न्यायालयात होऊन गेलेले असते. जे काही आहे ते फायलीत बांधलेले आहे. दोन वकिलांनी त्यावर बोलायचे, न्यायाधीशांनी ते वाचायचे आणि खालचा निकाल बरोबर की चूक ते सांगायचे, एवढेच काम उरते. शेतजमिनीच्या वाटपाचे साधे पहिले अपील असेल तर युक्तिवादाला एक दुपार पुरते, फार तर दोन. तरीही अशी अपिले दहा-दहा, पंधरा-पंधरा वर्षे पडून राहतात. दाव्यातला वेळ निदान डोळ्यांना दिसतो: आज वादीची साक्ष झाली, पुढच्या महिन्यात तलाठी येणार. अपिलातली वर्षे कुठे गेली हे मात्र पक्षकाराला सांगता येत नाही. संध्याकाळच्या एसटीने तो घरी येतो आणि म्हणतो, तारीख पडली.

ही वर्षे नक्की कुठे जातात आणि जाताना काय घेऊन जातात, हे एका उदाहरणातून पाहू. साताऱ्याकडच्या एका गावात नऊ एकर वडिलोपार्जित जमीन आहे. दोन भाऊ, एक बहीण. आई आधीच गेलेली, वडील १९९२ मध्ये मृत्युपत्र न करता वारले. बहिणीचे लग्न १९८५ सालचे. भाऊ म्हणतात, आक्काने हक्क सोडला. आक्का म्हणते, कधीच नाही. १९९६ मध्ये तिने वाटपाचा दावा लावला. ही माणसे मी कल्पिलेली आहेत, पण त्यांच्यासारखी फाईल महाराष्ट्रातल्या जवळपास प्रत्येक तालुका कोर्टात सापडेल.

तेव्हाच्या हिंदू वारसा कायद्याने हिशेब असा व्हायचा. वडील वारले त्या क्षणी वडील आणि दोन मुलगे यांच्यात वाटप झाले असे मानायचे. प्रत्येकाला एक तृतीयांश, म्हणजे तीन एकर. मग वडिलांचे तीन एकर तिन्ही मुलांत सारखे वाटायचे. भावांना प्रत्येकी चार एकर, बहिणीला एक. महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून मुलींना जन्मतः हिस्सेदार केले होते, पण त्याआधी लग्न झालेल्या मुलींना वगळून. म्हणून ८५ साली सासरी गेलेल्या आक्काला त्याचा उपयोग नव्हता. २००३ मध्ये न्यायालयाने हक्कसोडीची गोष्ट खोटी ठरवली आणि तिला एक नवमांश हिस्सा दिला. भावांनी जिल्हा न्यायालयात अपील केले.

आता खरी गोष्ट सुरू होते. ९ सप्टेंबर २००५ रोजी केंद्राची दुरुस्ती अमलात आली आणि देशभर मुलगी मुलासारखीच सहदायाद झाली, लग्नाची अट न ठेवता. २० डिसेंबर २००४ पूर्वी पुरी झालेली वाटपे तेवढी हलणार नव्हती. पण वडील २००५ पूर्वी वारले असतील तर मुलीला हा हक्क मिळतो का, हा प्रश्न उरला. मुंबई उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने २०१२ मध्ये घेतलेली भूमिका २०१४ मध्ये पूर्णपीठाने बदलली. ऑक्टोबर २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालय प्रकाश विरुद्ध फुलवती या निकालात म्हणाले, ९ सप्टेंबर २००५ रोजी वडीलही हयात हवेत आणि मुलगीही. फेब्रुवारी २०१८ मध्ये दुसऱ्या पीठाने, दानम्मा प्रकरणात, २००१ मध्ये वडील वारलेल्या मुलींना समान हिस्सा दिला. अखेर ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा निकालात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हा घोळ संपवला: मुलीचा हक्क जन्मापासूनचा आहे, वडील २००५ मध्ये हयात असण्याची गरज नाही.

अपील हा दाव्याचाच पुढचा टप्पा मानला जातो. शिवाय वाटपाच्या दाव्यात अंतिम हुकूमनामा होईपर्यंत प्राथमिक हुकूमनाम्यातले हिस्से बदलता येतात, हे सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये स्पष्ट केले. म्हणजे ज्या दिवशी अपील ऐकले जाईल त्या दिवशीचा कायदा लागतो. मग आक्काच्या जमिनीचा हिशेब करा. २००३ च्या निकालानंतर लगेच सगळे आटोपले असते तर एक एकर. २००६-०७ मध्ये अपील चालले असते तर नव्या कायद्याच्या सरळ वाचनाने तीन एकर मागता आले असते. २०१६ मध्ये चालून वाटपही उरकले असते तर पुन्हा एक. २०१८ मध्ये कोणता निकाल कोणत्या वकिलाने पुढे ठेवला यावर सगळे. २०२० नंतर तीन.

कुटुंब तेच, जमीन तीच आणि पुराव्याची फाईलही तीच. बदलले ते फक्त अपील बोर्डावर लागण्याचे साल. आपल्या आक्काला इथे विलंबाचा फायदाच झाला असे कोणी म्हणेल, आणि ते खरेही आहे. पण शेजारच्या गावातल्या दुसऱ्या एखादीचे अपील २०१६ मध्ये संपले, मोजणी होऊन सातबारे वेगळे झाले, तर तिला २०२० चा निकाल वाचून काही मिळत नाही. दोघींच्या हक्कात फरक नव्हता. मला या सगळ्या विषयात सर्वांत जास्त हेच खटकते. विलंबाला आपण वाट पाहणे समजतो. प्रत्यक्षात काळ न्यायाधीशाच्या शेजारी बसून निकालात हात घालत असतो. विनीता शर्मा निकालात सर्वोच्च न्यायालयाने अशी पडून राहिलेली प्रकरणे शक्यतो सहा महिन्यांत निकाली काढावीत अशी विनंती न्यायालयांना केली, ती उगीच नव्हे.

आता वर्षे कुठे जातात ते पाहू. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ ची. तिच्या कलम ९६ ने पहिल्या अपिलाचा हक्क दिला आहे आणि तो मोलाचा आहे, कारण पुराव्याकडे पुन्हा मुळापासून पाहणारे हे शेवटचे न्यायालय. मुदत थोडी आहे: जिल्हा न्यायालयात ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस, नकला मिळायला लागलेले दिवस वगळून. अपील दाखल करून घ्यायचे की नाही हे साठ दिवसांत ठरवण्याचा प्रयत्न व्हावा, असेही संहितेत लिहिले आहे. म्हणजे कायद्याच्या मनात घाई आहे. ती पहिल्या नोटिशीपाशी संपते.

जाबदेणारांवर नोटीस बजावल्याशिवाय अपील पुढे सरकत नाही. बेलिफ गावात जातो, तर एक पुतण्या पुण्यात कंपनीत, दुसरा मुंबईला, त्याची चाळ पाडून तिथे टॉवर झालेला. नोटीस ‘पत्त्यावर राहत नाही’ म्हणून परत येते. नवा पत्ता, नवा अर्ज, नवी तारीख. मग खालच्या न्यायालयाची मूळ फाईल मागवायची, जिला कोर्टात सगळेच ‘आर अँड पी’ म्हणतात. ती आली की निशाणी पडलेला एखादा कागद त्यात सापडत नाही. आता कागद स्कॅन होऊ लागले आहेत, सोळा अंकी सीएनआर क्रमांक टाकून घरबसल्या पुढची तारीख आणि रोजनामा पाहता येतो. हे मोठेच सुख आहे, विशेषतः ज्याची एका तारखेपायी दिवसाची मजुरी बुडते त्याला. पण मोबाईलवर तारीख दिसली म्हणून अपील चालत नाही.

सगळ्यांत जास्त वर्षे खातो तो मृत्यू. वाटपाच्या दाव्यातली माणसे मुळातच वयस्क असतात. अपील पंधरा वर्षे चालले की पक्षकार मरणारच. कोणी वारले की ९० दिवसांत त्याचे वारस अपिलात दाखल करावे लागतात. नाही केले तर त्याच्यापुरते अपील आपोआप संपते. ‘अ‍ॅबेट झाले’ असे वकील सांगतात. ते रद्द करून घ्यायला आणखी ६० दिवस. तेही उलटले तर विलंब माफीचा अर्ज. म्हणजे एका मृत्यूमागे तीन अर्ज: वारस दाखल करण्याचा, अ‍ॅबेटमेंट रद्द करण्याचा, विलंब माफ करण्याचा. तिन्हींवर समोरच्याचे म्हणणे घ्यायचे आणि नव्या वारसांना नोटिसा काढायच्या. थोरला भाऊ गेला की त्याच्या जागी बायको, दोन मुलगे, तीन मुली. त्यातली एक बेळगावला, तिचा पत्ता कोणाकडे नाही. तीन माणसांचा दावा सतरा माणसांचा होतो. त्यांच्या नोटिसा बजावून होईपर्यंत सतरापैकी आणखी एक जातो.

आणि चुकले तर सगळे जाऊ शकते. १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे पंजाबातले एक प्रकरण आले होते. दोन भावांच्या सामाईक जमिनीची नुकसानभरपाई लवादाने ठरवली, तिच्याविरुद्ध सरकारने अपील केले. अपील चालू असताना एक भाऊ वारला आणि सरकारने त्याचे वारस वेळेत आणले नाहीत. न्यायालयाने ठरवले की निवाडा दोघांचा मिळून एकच, अविभाज्य आहे. मेलेल्या भावापुरता तो कायम आणि जिवंत भावापुरता रद्द असे होऊ शकत नाही, म्हणून सगळेच अपील संपले. वाटपाच्या अपिलात ही तलवार कायम टांगलेली असते. पक्षकाराच्या मृत्यूची माहिती न्यायालयाला देणे हे त्याच्या वकिलाचे कर्तव्य आहे, अशी दुरुस्ती १९७६ मध्ये झाली. पण पक्षकाराच्या घरचे वकिलाला कळवतात का? तेराव्याच्या गडबडीत कोर्टातली फाईल कोणाला आठवते? ज्यांच्या घरी अपील चालू आहे त्यांनी हे एवढे तरी लक्षात ठेवावे: आपल्याकडचा असो की समोरचा, पक्षकार गेला की मृत्यूचा दाखला आणि वारसांची नावे घेऊन महिन्याभरात वकिलाकडे जावे.

मग प्रश्न येतो, इतका उशीर कोणाला परवडतो? ज्याच्या ताब्यात जमीन आहे त्याला. नऊच्या नऊ एकरांत ऊस भाऊ लावतात. कारखान्याचे बिल त्यांच्या खात्यात येते. अपील जितके लांबेल तितके हंगाम त्यांचे. कायद्यात स्वच्छ लिहिले आहे की नुसते अपील केल्याने खालच्या हुकूमनाम्याला स्थगिती मिळत नाही; ती वेगळी मागावी लागते, आणि मागणाऱ्याने मोठे नुकसान दाखवावे लागते, तारण द्यावे लागते. पैशाच्या हुकूमनाम्यात तर न्यायालय सांगेल ती रक्कम भरल्याशिवाय किंवा जामीन दिल्याशिवाय स्थगिती नाही. तरी व्यवहारात ‘अपील दाखल, स्टे मिळाला’ हे एका दमात बोलले जाते, आणि एकदा स्टे मिळाला की अपीलदाराला सुनावणीची घाई उरत नाही.

माझ्या मते विलंबाच्या कुलपाची किल्ली इथे आहे. २००४ मध्ये आत्माराम प्रॉपर्टीज या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की घर रिकामे करण्याच्या हुकमाला स्थगिती देताना भाडेकरूला बाजारभावाने मधल्या काळाची भरपाई द्यायला लावता येते. हेच शेतीच्या अपिलात का होऊ नये? दरवर्षीच्या उत्पन्नातला बहिणीच्या हिश्शाचा अंदाज बांधून तेवढी रक्कम न्यायालयात भरायला लावली, तर तेच भाऊ दुसऱ्या वर्षी लवकर सुनावणीचा अर्ज घेऊन येतील. स्टे आपोआप संपवण्याचा प्रयोगही होऊन गेला. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सहा महिन्यांनी स्थगिती संपेल असे म्हटले, पण २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायमूर्तींच्या पीठाने ते मागे घेतले. मला ते बरोबर वाटते. सुनावणी झाली नाही यात पक्षकाराचा दोष नसेल तर त्याचे संरक्षण कॅलेंडर पाहून कसे काढणार? अट घालून दिलेली स्थगिती हा त्याहून शहाणा मार्ग आहे.

न्यायाधीश आळशी आहेत असे यातून कोणी समजू नये. जिल्हा न्यायाधीश हाच सत्र न्यायाधीशही असतो. सकाळी जामिनाचे अर्ज, मग खुनाचा खटला, त्यातला आरोपी तुरुंगात. मग मोटार अपघाताची भरपाई. कोठडीतल्या माणसाचा खटला आधी चालला पाहिजे याबद्दल दुमत नाही. त्यामुळे दिवाणी अपिले बोर्डाच्या तळाशी जातात आणि पाच वाजले की पुढची तारीख. विधी आयोगाने १९८७ मध्ये दहा लाख लोकसंख्येमागे ५० न्यायाधीश हवेत असे म्हटले, तेव्हा ते साडेदहा होते. २००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हेच लक्ष्य पाच वर्षांत गाठायला सांगितले. आज आकडा विशीच्या आसपास रेंगाळतो आहे. देशातल्या जिल्हा आणि तालुका न्यायालयांत एक कोटीहून अधिक दिवाणी प्रकरणे पडून आहेत.

सरकार स्वतःही मोठा अपीलदार आहे. धरण, पाझर तलाव, रस्ते यांसाठी घेतलेल्या जमिनींचा मोबदला न्यायालयाने वाढवला की अपील होते, तेही बहुधा उशिरा, विलंब माफीच्या अर्जासकट. १९८७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशा विलंबाकडे उदारपणे पाहावे असे सांगितले. २०१२ मध्ये फाईल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती हे कारण चालणार नाही, असे सुनावले. १८९४ च्या जुन्या भूसंपादन कायद्याखालच्या वाढीव रकमेवर ताब्यानंतर पहिले वर्ष ९ टक्के आणि पुढे १५ टक्के व्याज चढते. म्हणजे अपील रखडले की शेतकरी पैशाविना राहतो आणि तिजोरीचा बोजाही दरवर्षी वाढतो. यात कोणाचे भले होते, हे मला आजवर कोणी समजावून दिलेले नाही.

जिल्हा न्यायालयात हरलेला पक्ष दुसऱ्या अपिलाकडे वळतो. तिथे पुरावा पुन्हा चिवडता येत नाही. १९७६ च्या दुरुस्तीपासून उच्च न्यायालयाने आधी कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न लिहून काढायचा आणि तेवढ्यावरच निकाल द्यायचा असतो. प्रश्न न लिहिताच निकाल दिला म्हणून सर्वोच्च न्यायालयाने प्रकरणे परत पाठवल्याचे कितीतरी निकाल आहेत. परत पाठवणे, म्हणजे रिमांड, हा शब्द पक्षकाराने फार भिऊन ऐकावा. वीस वर्षांनी सोंगटी पुन्हा पहिल्या घरात.

साताऱ्याच्या माणसाला या दुसऱ्या अपिलासाठी मुंबई गाठावी लागे: वकिलाची फी वेगळी, मुक्काम वेगळा. मराठवाड्याची ही पायपीट १९८१ मध्ये औरंगाबादला पीठ बसल्यावर कमी झाली. सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांसाठी कोल्हापूरचे सर्किट बेंच ऑगस्ट २०२५ मध्ये सुरू झाले. वकिलांनी त्यासाठी अनेक वर्षे आंदोलन केले होते. अंतर कमी झाले, पण न्यायमूर्तींची एकूण संख्या वाढल्याशिवाय रांग कशी कमी होणार हा प्रश्न कोल्हापुरातही उभा राहील. मुंबई उच्च न्यायालयाची मंजूर पदे सगळ्या पीठांची मिळून ९४ आहेत आणि त्यातली काही नेहमीच रिकामी असतात.

या रांगेतून बाहेर पडण्याची एक वाट म्हणजे तडजोड, आणि तिचा एक कायदेशीर गुण लोकांना फारसा माहीत नसतो. संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर सहसा अपील करता येत नाही, लोकअदालतीच्या निवाड्यावर तर नाहीच. शिवाय लोकअदालतीत मिटले तर कोर्ट फी परत मिळते. बहिणीला एक एकरावर गप्प बसवणाऱ्या तडजोडीचा मी पुरस्कार करणार नाही. गावाकडे भावकी जमवून असे पुष्कळदा केले जाते. पण २०२० नंतर हिश्शाबद्दल वाद उरलेला नाही. आकडा ठरलेला असेल तर कोणता तुकडा, विहिरीचे पाणी कसे, रस्ता कुठून, एवढेच बोलायचे राहते, आणि ते न्यायाधीशापेक्षा भावाबहिणींना जास्त कळते.

न बोलले तर शेवटी काय होते? समजा दुसरे अपीलही संपले आणि आक्काला तीन एकर मिळाले. हुकूमनाम्यात ‘एक तृतीयांश’ असे लिहिलेले असते. कोणता बांध कोणाचा हे त्यात नसते. सारा भरणाऱ्या शेतजमिनीची सरसनिरस वाटणी संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यामार्फत होते. आधी दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, मग कागद तहसीलला, तिथून भूमी अभिलेखकडे मोजणीला, मग वाटपाचा तक्ता, त्यावर हरकती, मग कब्जेपावती. भारतात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा हाती पडल्यावर सुरू होतात, असे प्रिव्ही कौन्सिलने १८७२ मध्ये म्हटले होते. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढा म्हणून सांगितले. २०२५ मध्ये त्याने आकडे मागवले, तेव्हा देशात ८ लाख ८० हजारांहून अधिक दरखास्ती पडून असल्याचे दिसले, आणि त्यांत महाराष्ट्राचा वाटा फार मोठा होता.

मोजणीच्या दिवशी सर्व्हेअर शेतात उभा राहतो आणि जुन्या खुणा विचारतो. आंब्याचे खोड कुठे होते, ओढ्याकडची दगडाची रांग पूर्वी किती आत होती, पाट कुठून जायचा. १९९६ मध्ये हे बोट दाखवून सांगणारी दहा माणसे गावात होती. आता आक्काच्या जागी तिची मुलगी आलेली आहे, भावांच्या जागी त्यांचे मुलगे. दोन्हीकडचे लोक सर्व्हेअरच्या हातातल्या नकाशाकडे पाहतात.